वाढपी आपला हवा

पंगतीत जागा कुठे मिळाली याची काळजी नवख्याने करावी. चार लग्नं जेवलेला माणूस आधी वाढपी कोण आहे ते बघतो. वाढपी ओळखीचा निघाला तर मांडवाच्या पार टोकाला, हात धुवायच्या पिंपाशेजारी पान मांडलेलं असलं तरी जिलबी येत राहते. वाढपी परका असेल तर नवरदेवाच्या मांडीला मांडी लावून बसा, पातेलं तुमच्यापर्यंत येता येता रिकामं होतं आणि ‘आणतो हं’ म्हणून तो जो आत जातो तो विडे वाटतानाच दिसतो. आपल्याकडे हे शिक्षण मुंजीच्या वयातच पुरं होतं. असुरांचं राहून गेलं असावं. नाहीतर त्यांनी तो तह केलाच नसता.

तह म्हणजे समुद्रमंथनाचा. आजीने सांगितलेली म्हणून आपण तिला गोष्ट म्हणतो. भागवताचा आठवा स्कंध सावकाश वाचला तर मात्र एखाद्या लवादाची फाईल वाचतोय असं वाटायला लागतं. दोन हाडवैरी, मधे एकच साठा, आणि तो एकट्यादुकट्याला उपसता न येणारा. म्हणून मग युद्धबंदी, संयुक्त प्रकल्प आणि सामायिक फळ. साठा कशाचा, तर अमृताचा. प्यायलं की मरण नाही. याहून मोठी ऊर्जा अजून कोणत्याही सरकारने भूमिपूजनाच्या भाषणातसुद्धा कबूल केलेली नाही.

मुळात देवांवर ही वेळ आली एका हारापायी. विष्णुपुराणात आहे ते असं : दुर्वासांनी स्वतःजवळचा हार इंद्राला दिला. इंद्र ऐरावतावर बसलेला. त्याने तो हार हत्तीच्या डोक्यावर ठेवला आणि हत्तीने सोंडेत धरून खाली टाकला. सत्काराचे हार गाडीच्या बॉनेटवर ठेवून पुढच्या कार्यक्रमाला जाणारे पुढारी आपण पाहतो, पण त्यांना हार घालणारे दुर्वास नसतात. इथे होते. त्यांनी शाप दिला आणि तिन्ही लोकांची श्री गेली. झाडंझुडपं वाळली, यज्ञ थंडावले, देवांच्या अंगातलं त्राण गेलं. चूक एका हत्तीची, आणि लोडशेडिंग त्रैलोक्याला. मग नेहमीप्रमाणे सगळे ब्रह्मदेवाकडे गेले, आणि ब्रह्मदेव त्यांना घेऊन नेहमीप्रमाणे विष्णूकडे.

विष्णूने जो सल्ला दिला तो वाचून मी मुत्सद्देगिरीच्या बाकीच्या पुस्तकांचा नाद सोडला. म्हणाले, सध्या काळ असुरांना अनुकूल आहे, त्यांच्याशी तह करा. ते जे मागतील त्याला हो म्हणा. समुद्रातून काय काय निघेल त्याचा लोभ धरू नका, कोणी काही उचललं तर रागावू नका. विष निघेल, घाबरू नका. आणि शेवटी, आवाज जरासा खाली आणून, कष्ट त्यांचे होतील, फळ तुमचं होईल. तहाचा मसुदा अजून समोरच्याला दाखवलेला नाही, त्याआधीच गुप्त परिशिष्ट तयार! वर साप आणि उंदराचा दाखलाही दिला. गारुड्याच्या पेटीत दोघे अडकले. सापाने उंदराला समजावलं की बाबा रे, तू पेटी कुरतड, दोघेही सुटू. उंदराने कुरतडली. बाहेर साप एकटाच आला. उंदीरही आला म्हणा, पण पोटातून.

आता समोरची बाजू बघा. असुरांचा राजा कोण, तर बळी. दिवाळीच्या पाडव्याला आपल्या आयाबाया ज्याचं राज्य परत मागतात तोच. इंद्र नि:शस्त्र होऊन त्याच्या दरबारात गेला. बळीचे सेनापती खवळले, आयता सापडलाय, इथेच उडवू म्हणाले. बळीने त्यांना आवरलं. तह केव्हा करावा आणि लढाई केव्हा करावी हे त्याला कळत होतं, असं भागवतकार मुद्दाम लिहितात. इंद्र गोड बोलला, शंबर वगैरे मंडळींना प्रस्ताव पटला, आणि करार झाला. एका बाजूला गुप्त परिशिष्टासह, दुसऱ्या बाजूला भरवशावर. शेतकऱ्याला ‘बळीराजा’ म्हणण्याची आपली पद्धत किती चपखल आहे हे मला इथे पहिल्यांदा पटलं.

करार झाला की कंत्राटं आलीच. घुसळायला रवी हवी म्हणून मंदर पर्वत उपटला. दोन्ही पक्षांनी मिळून उचलला आणि वाटेतच त्यांच्या हातून सुटला, त्याखाली देवही चिरडले आणि असुरही. शेवटी गरुडावर लादून नेला. दोरासाठी वासुकी नागाला बोलावलं आणि फळात वाटा कबूल केला. महाभारतातल्या आदिपर्वात तर समुद्रसुद्धा म्हणतो की एवढा पर्वत माझ्या पोटात गरगर फिरणार, तो त्रास मी सोसणार, तर मलाही हिस्सा द्या. ज्याच्या जमिनीत प्रकल्प, त्याने मोबदला मागितल्याची ही बहुधा पहिलीच नोंद असावी. पर्वत बुडायला लागला तेव्हा खाली कासव आलं. त्याने काही मागितल्याचं वाचलं नाही. पायात जे असतात ते मागत नाहीत, आणि त्याचं कारण तोंड पाण्याखाली असतं इतकं साधं असू शकतं. वासुकीचा आणि समुद्राचा वाटा पुढे कोणत्या खात्यात जमा झाला, ते मला काही सापडलं नाही. प्रकल्पग्रस्तांच्या फायली तेव्हापासूनच गहाळ होत असाव्यात.

मग आली खरी भानगड : वासुकीला डोक्याकडून कोणी धरायचं आणि शेपटाकडून कोणी? विष्णूने पुढे होऊन डोकं धरलं, देव त्यांच्या मागे उभे राहिले. झालं, असुरांचा स्वाभिमान दुखावला. आम्ही वेद शिकलेले, आमचं कुळ मोठं, आमचा पराक्रम मोठा, आणि आम्ही शेपूट धरायचं? अशुभ अवयव! ते हात बांधून गप्प उभे राहिले. विष्णू हसले, डोकं सोडलं आणि देवांना घेऊन शेपटाकडे गेले. त्या हसण्यावर एखाद्या टीकाकाराने शंभर पानं लिहायला हवी होती. कारण घुसळण सुरू झाल्यावर वासुकीच्या हजार तोंडांतून धूर आणि आग बाहेर पडू लागली आणि डोक्याकडचे असुर वणव्यातल्या झाडांसारखे करपले. त्याच धुराचे ढग होऊन ते शेपटाकडे सरकले आणि देवांवर पावसाची भुरभुर झाली. वर वाराही सुटला.

पाटपाण्यावर वाढलेल्या माणसाला असुरांची चूक लगेच समजेल, आणि थोडी सहानुभूतीही वाटेल. कालव्यावर डोकं आणि शेपूट म्हणजे ‘हेड’ आणि ‘टेल’. हेडला ज्याची जमीन, त्याचा ऊस. टेलला ज्याची जमीन, त्याच्या हातात सात नंबरचा फॉर्म. आवर्तन सुटलं की पाणी हेडवाल्यांच्या शेतात दोनदा फिरून मग खाली निघतं, आणि टेलवाला रात्री बॅटरी घेऊन चारीवर बसतो. असुरांनी हेड मागितलं ते अगदी शहाण्या शेतकऱ्यासारखं मागितलं. फक्त हा कालवा उलटा वाहणारा होता, हे त्यांना कोणी सांगितलं नव्हतं.

हलाहल निघालं तेव्हा मात्र वाटा मागायला कोणीही पुढे आलं नाही. सामायिक फळाच्या कलमाखाली विषाचीही निम्मी-निम्मी वाटणी व्हायला हवी होती. पण उपउत्पादनाच्या विल्हेवाटीची तरतूद तहात नव्हती. ती कोणत्याच तहात नसते. सगळे शंकराकडे धावले, जो ना कराराचा पक्षकार ना लाभधारक. त्याने ओंजळीत घेऊन पिऊन टाकलं, गळा निळा झाला. ओंजळीतून जे सांडलं ते विंचू, साप आणि विषारी वनस्पतींनी उचललं, म्हणजे वाया काहीच गेलं नाही. त्यानंतरची रत्नं तर पटापट मार्गी लागली. कामधेनू ऋषींनी नेली, उच्चैःश्रवा घोड्यावर बळीची नजर गेली, कौस्तुभ विष्णूने घेतला, लक्ष्मीने सगळ्यांची स्थळं तपासून प्रत्येकात खोट काढली आणि विष्णूलाच माळ घातली, वारुणी असुरांकडे गेली. देवांना आधीच बजावलेलं असल्यामुळे घोड्यावरून कोणी तोंड वाकडं केलं नाही.

आणि मग धन्वंतरी कलश घेऊन वर आला.

इथवर दोन्ही पक्षांनी किती कलमं पाळली बघा : पर्वत एकत्र वाहिला, दोर एकत्र ओढला, मेले एकत्र. पण कलश हाती आल्यावर अमृत कोणी, कोणाला, कोणत्या क्रमाने आणि किती द्यायचं याचं कलमच नव्हतं. ‘सामायिक फळ’ या दोन शब्दांवर एवढा प्रकल्प उभा राहिला होता. असुरांनी कलश हिसकावला, आणि लगेच त्यांच्यातच जुंपली. मी आधी, मी आधी, तू नाही. आता जे अशक्त होते, ज्यांचा हात कलशापर्यंत पोहोचत नव्हता, त्यांना अचानक न्याय आठवला. ते ओरडू लागले की देवांनीही तेवढेच कष्ट केलेत, त्यांचाही वाटा आहे, हाच सनातन धर्म आहे. भागवतकारांनी इथे प्रामाणिकपणे लिहून ठेवलंय की हे ते मत्सराने बोलत होते. समन्यायाची हाक नेहमी घागरीपासून लांब असलेल्याकडूनच येते. ती खोटी असते असं नाही. पण घागर हातात आल्यावर तोच माणूस ती पुन्हा देईल का, हे कोणी पाहिलेलं नाही.

तेवढ्यात मोहिनी आली, म्हणजे बाईच्या रूपात विष्णूच. असुर तिला म्हणाले, बाई, आम्ही सगळे एकाच बापाचे, कश्यपाचे, भांडण मिटत नाही, तूच वाटून दे. ती काय म्हणाली ते ऐकण्यासारखं आहे. माझ्यासारखीवर विश्वास कसला ठेवता, असं तिनेच विचारलं. एवढा स्पष्ट इशारा गुंतवणुकीच्या जाहिरातीतला निवेदकसुद्धा देत नाही, तो तरी धापा टाकत घाईघाईने वाचतो. असुर हसले. त्यांना वाटलं, काय विनोदी बाई आहे! मग तिने अट घातली : मी करीन ते, बरं असो वा वाईट, तुम्ही मान्य करणार असाल तरच मी वाटते. ते म्हणाले, मान्य. कलश तिच्या हातात दिला.

झालं. वाढपी ठरला. आणि तो कोणाचा माणूस आहे याची चौकशी कोणी केली नाही.

पुढचा प्रसंग मला सगळ्यात जास्त आवडतो. मंडळींनी उपास केला. आंघोळी केल्या. होम केला, गाईंना चारा, ब्राह्मणांना दान, नवी कोरी वस्त्रं, अंगावर दागिने. धूपदीप लावलेल्या, माळांनी सजवलेल्या मंडपात पूर्वेकडे टोकं केलेल्या दर्भांवर बसले. मोहिनीने देवांची आणि असुरांची पंगत वेगवेगळी बसवली. देव लांब होते, असुर जवळ. ती असुरांपाशी थांबली, गोड बोलली, हसली, आणि पातेलं घेऊन पलीकडे गेली. पलीकडे वाढणं सुरू झालं. इकडे नवीन कपड्यांत, उपाशीपोटी, पान समोर मांडून बळी आणि त्याची माणसं बसून राहिली.

ही माणसं उठली का? नाही. आरडाओरडा केला का? नाही. आपणच शब्द दिलाय, बाईशी वाद काय घालायचा, आणि जमलेला स्नेह उगाच का मोडायचा, असा विचार करून ती गप्प बसली. भागवतात हे असंच आहे. म्हणजे या सबंध तहात दिलेला शब्द शेवटच्या थेंबापर्यंत पाळणारा पक्ष कोणता म्हणाल तर तो असुरांचा! आणि इतिहासात त्यांची नोंद कराराला न जागणारे म्हणून झाली. इतिहास लिहायला बसतो तोही बहुधा वाढप्याचाच भाऊ.

एकटा स्वर्भानू तेवढा हुशार निघाला. त्याने ओळखलं की वाढपी बदलणं आता आपल्या हातात नाही, पंगत बदलता येईल. वेश पालटून तो देवांच्या ओळीत, सूर्य आणि चंद्र यांच्यामधे जाऊन बसला. त्याच्या पानावर अमृत पडलं, त्याने घोट घेतला, आणि शेजाऱ्यांनी चुगली केली. अनधिकृत उपसा म्हणतात तो हाच. सुदर्शन चक्र आलं आणि मान उडाली. पण घोट गळ्यापर्यंत पोहोचला होता, म्हणून डोकं अमर झालं, धड पडलं. डोकं म्हणजे राहू. तो अजूनही पर्वकाळी त्या दोघा पाटकऱ्यांना गाठून वसुली करतो, आणि आपल्याकडे ‘दे दान सुटे गिराण’ म्हणत फिरणाऱ्यांनी त्या वसुलीत शतकानुशतकं आपली लहानशी दलाली ठेवली.

हे सगळं क्षीरसागराकाठी घडलं असं पुस्तकं म्हणतात. अहिल्यानगर जिल्ह्यातले लोक म्हणतात, वाटप नेवाशाला झालं. पुरावा म्हणून तिथे मोहिनीराजाचं देऊळ आहे. ज्ञानेश्वरी जिथे शके १२१२ मधे सांगितली गेली तेच नेवासे. प्रवरेच्या काठावर आहे, आणि प्रवरेला आजूबाजूची मंडळी अमृतवाहिनी म्हणतात. राहूचं डोकं जिथे पडलं ती राहुरी, काया पडली ते कायगाव. गोव्यात म्हार्दोळची म्हाळसा मोहिनीचंच रूप मानली जाते, म्हणजे वाढपी दोन्हीकडची. कलश पळवताना थेंब सांडले म्हणून नाशिकला सिंहस्थ भरतो. भागवतात हे थेंब सापडत नाहीत, पण कालव्याचं जे पाणी कुठे मुरतं ते कागदावर सापडत नाही त्याला ‘वहनव्यय’ म्हणतात, तेव्हा या थेंबांवरही शंका घेऊ नये.

गंमत अशी की देवळात वाटपाची आठवण जपणारा हा टापूच गेली कित्येक वर्षं वाटपावरून भांडतोय. वर नाशिक आणि अहिल्यानगरची धरणं : गंगापूर, दारणा, भंडारदरा, निळवंडे, मुळा. खाली पैठणला जायकवाडी, म्हणजे मराठवाड्याची तहान. २००५ साली राज्याने जलसंपत्ती नियमन प्राधिकरणाचा कायदा केला आणि त्यात समन्यायी वाटपाचं तत्त्व घातलं. ‘सामायिक फळ’ म्हणून थांबण्याची चूक आपण करायची नाही, असं ठरवल्यासारखं मग वाढप्याचं कलमही आलं : २०१४ च्या आदेशाने, १५ ऑक्टोबरला जायकवाडीत ६५ टक्क्यांपेक्षा कमी साठा असेल तर वरून पाणी सोडायचं. कागदावर एवढं नेमकं असुरांच्या नशिबी नव्हतं. म्हणून तंटा मिटला म्हणता? तंटा आता आकड्यांवरून होतो. २०२३ साली ऑक्टोबरच्या अखेरीस ८.६ टीएमसी सोडायचा आदेश निघाला. त्यानंतर रास्ता रोको झाले, न्यायालयं झाली, दोन्हीकडचे आमदार आपापल्या नदीच्या काठी उभे राहून फोटो काढून गेले, आणि पाणी निघायला नोव्हेंबरचा उत्तरार्ध उजाडला. तोवर हेडवाल्यांच्या विहिरी कोणत्याही आदेशाशिवाय भरतच होत्या.

पाणी सोडताना मोहिनीच्या वेळेची सगळी खबरदारी घेतली जाते. नदीवरच्या बंधाऱ्यांच्या फळ्या काढतात. काठच्या मोटारींची वीज तोडतात, कारण स्वर्भानू आता एकटा राहिलेला नाही, पाच हॉर्सपॉवरचे स्वर्भानू दोन्ही तीरांवर पान मांडून बसलेले असतात. चुगली करायला शेजारी आहेतच. चक्र मात्र नाही. फार तर पंचनामा होतो.

आणि आता नकाशा काढून बघा. मुळा धरण राहुरी तालुक्यात, बारागाव नांदूरला, २६ टीएमसीचं. तिथून सुटलेलं पाणी राहुरीवरून नेवाशाकडे येतं, प्रवरेला मिळतं, पुढे प्रवरासंगमावर गोदावरीत पडतं. समोरच्या काठावर कायगाव. राहुरी अहिल्यानगर जिल्ह्यात, कायगाव छत्रपती संभाजीनगर जिल्ह्यात. डोकं वरच्या खोऱ्याच्या बाजूने बोलतं, धड मराठवाड्याच्या बाजूने. डोकं म्हणतं, माझ्या तोंडचं पाणी पळवता. धड म्हणतं, माझ्या पोटात थेंब गेलेला नाही, आणि ते अगदी पुराणकाळापासून खरं आहे. कालवा समितीची बैठक घ्यायची तर एकाच माणसाला दोन जिल्ह्यांतून बोलवावं लागेल, आणि तो एकमेकांच्या शेजारी बसायला तयार होणार नाही. पाणी डोक्याकडून धडाकडे जायचं असतं, म्हणजे वाट गळ्यातूनच. आणि चक्र चाललं ती जागा, गावकऱ्यांच्या हिशेबाने, या दोघांच्या मधोमध नेवाशाला येते. तिथे आता बंधारा आहे.